एसएमपीएसच्या वायरीचे दुसरे टोक

दिवाळीच्या सुट्टीत घरच्या संगणकाचा एसएमपीएस, म्हणजे आतल्या भागांना वीज पुरवणारा डबा, बदलताना माझ्या हातून एक हार्ड डिस्क जळाली. जुना आणि नवा असे दोन्ही एसएमपीएस मॉड्युलर, म्हणजे वायरी दोन्ही टोकांनी सुट्या करता येतील असे होते, परंतु ते वेगवेगळ्या कंपन्यांचे होते. कॅबिनेटच्या मागून नीट ओवून बांधलेली डिस्कची वायर पुन्हा कशाला काढायची, असा विचार करून मी तिचे मोकळे टोक नव्या एसएमपीएसमध्ये लावले आणि ते खटकन बसलेही. बटण दाबताच जळकट वास आला. पुण्याच्या तापकीर गल्लीतील दुरुस्ती करणाऱ्या गृहस्थांनी भिंगाखाली मला डिस्कच्या बोर्डावरचा, तांदळाच्या कणीएवढा काळा पडलेला डायोड दाखवला आणि पहिलाच प्रश्न विचारला, "वायर जुनीच ठेवली होती का?"

एटी या जुन्या पद्धतीच्या मदरबोर्डांना, म्हणजे संगणकाच्या मुख्य बोर्डांना, वीज देण्यासाठी पी-८ आणि पी-९ असे दोन स्वतंत्र कनेक्टर असत; त्यांच्या काळ्या वायरी मध्यभागी एकमेकींशेजारी आल्या नाहीत, तर बोर्ड जाण्याची भीती असे. इंटेलने १९९५ मध्ये आणलेल्या एटीएक्स मानकाने त्यांच्या जागी एकाच बाजूने बसणारा २० पिनांचा एकच कनेक्टर दिला, जो पुढे २४ पिनांचा झाला, आणि कोणत्या पिनवर किती व्होल्ट असावेत हेही ठरवून दिले. मदरबोर्ड एका कंपनीचा आणि एसएमपीएस दुसऱ्या कंपनीचा घेऊन आपण निर्धास्तपणे संगणक जोडतो, तो या शिस्तीच्या भरवशावर, आणि ही शिस्त मला फार मोलाची वाटते.

मात्र ती मदरबोर्डाच्या आणि डिस्कच्या बाजूच्या टोकापुरतीच आहे. एसएमपीएसच्या बाजूच्या टोकावरील पिनांचा क्रम प्रत्येक कंपनी आपापला ठरवते, आणि काही वेळा एकाच कंपनीच्या दोन मालिकांमध्येही तो वेगळा असतो. पूर्वी पिवळी वायर १२ व्होल्टची, लाल ५ व्होल्टची आणि नारिंगी ३.३ व्होल्टची, हे डोळ्यांना दिसत असे. आता बहुतेक मॉड्युलर वायरी सरसकट काळ्या असल्याने तीही सोय उरलेली नाही. कनेक्टरचा आकार सारखा ठेवून आतला क्रम मोकळा सोडणे ही मला मानकातील गंभीर उणीव वाटते.

नंतर मी डिस्क न जोडता तीच वायर नव्या एसएमपीएसला लावली, २४ पिनांच्या कनेक्टरमधील १६ क्रमांकाची पिन शेजारच्या १७ क्रमांकाच्या ग्राउंडला जोडून एसएमपीएस सुरू केला आणि मल्टिमीटर धरला. वायरीच्या डिस्ककडच्या टोकावर जिथे ५ व्होल्ट, म्हणजे ४.७५ ते ५.२५ च्या दरम्यान, दिसायला हवे होते, तिथे १२.१ व्होल्ट दिसले. ती वायर मी जुन्या एसएमपीएससोबत त्याच्याच खोक्यात ठेवली असून खोक्यावर मॉडेलचे नाव लिहिले आहे.