आमची वाटचाल: बिब क्रमांक टाका, निकाल पाहा

दहावी-बारावीचे निकाल संगणकावर पाहता येऊ लागले, त्या काळात सांगलीत माझे सायबर कॅफे आणि एमएस-सीआयटीचे वर्ग होते. निकालाच्या दिवशी सकाळपासून जिन्याच्या खालपर्यंत रांग लागत असे. मुलाने बैठक क्रमांक सांगायचा, आईचे नाव सांगायचे, मी ते टाकायचे, आणि पान उघडेपर्यंत त्याच्या पाठीमागे उभे असलेले सगळे घर गप्प होऊन पडद्याकडे पाहत राहायचे. त्या रांगेत राज्यात पहिले कोण आले याची चौकशी कोणी करत नसे. प्रत्येकाला आपली स्वतःची एक ओळ हवी असे. आज आमची फर्म धावण्याच्या आणि तंदुरुस्तीच्या स्पर्धांची वेळ नोंदवून निकाल लावते, आणि हा धंदा कसा सुचला असे कोणी विचारले की मी त्या जिन्यावरच्या रांगेचे नाव सांगतो.

पहिली स्पर्धा आम्ही घड्याळ आणि तारेवर केली. छापणारे स्टॉपवॉच एकाच्या हातात, आणि बिबच्या, म्हणजे छातीवर लावायच्या क्रमांकाच्या कागदाच्या, खालची फाडायची पट्टी धावपटूकडून घेऊन ती दुकानात पावत्या खोचतात तशा तारेत ओवणारा दुसरा. घड्याळाच्या कागदावरची पंचविसावी वेळ ही तारेतल्या पंचविसाव्या पट्टीची, एवढाच सगळा हिशेब. यातली मेख अशी की एक पट्टी मागेपुढे झाली किंवा एक धावपटू पट्टी न देताच पाण्याच्या टेबलाकडे गेला, की त्याच्यानंतरचे सगळे निकाल एकेका माणसाने सरकतात. सरकलेला निकाल दिसायला अगदी व्यवस्थित दिसतो, म्हणून तो चुकलेल्या निकालापेक्षा वाईट. त्या दिवशी रात्री अकरापर्यंत आम्ही पट्ट्या जुळवत बसलो होतो.

आम्ही म्हणजे मी आणि माझा तेव्हाचा भागीदार, मिरजेत टीव्ही आणि टेपरेकॉर्डर दुरुस्त करणारा माझा शाळेपासूनचा मित्र. चिप हा प्रकार त्यानेच शोधून काढला. नेदरलँड्समध्ये नव्वदच्या दशकात निघालेली बुटाच्या नाडीत अडकवायची चिप आणि जमिनीवर अंथरलेली, चिप वरून जाताच वेळ नोंदवणारी अँटेनाची चटई तोवर मोठ्या शहरांतल्या स्पर्धांमध्ये रुळली होती, पण त्या चिपा स्पर्धा संपल्यावर एकेक करून परत गोळा कराव्या लागत, आणि आमच्याकडे तेवढी माणसे नव्हती. मग बिबच्या मागे चिकटवायचा पातळ टॅग आला, जो वापरून टाकून देता येतो. आम्ही कर्ज काढून एक रीडर, म्हणजे टॅग वाचणारे यंत्र, आणि चार अँटेना घेतल्या. भारतात तेव्हा परवानगी असलेल्या 865 ते 867 मेगाहर्ट्झच्या पट्ट्यात तो रीडर बसवण्यापासून चटयांना रबराचे पाट शिवण्यापर्यंत सगळे मित्राने केले. या लहरींना पाणी सोसत नाही आणि माणूस म्हणजे बहुतांशी पाणीच, त्यामुळे घामाने भिजलेला बिब छातीला चिकटला की टॅग मुका होतो. त्यावर उपाय म्हणून टॅगच्या मागे फोमचा तुकडा लावण्याची युक्ती आम्ही पहिल्याच मोसमात शिकलो. वीज गेली तर म्हणून ट्रकची बॅटरी जोडलेली असे. ती बॅटरी अजून आमच्या गोदामात आहे आणि मी ती विकू देत नाही.

जाता जाता धावपटूंना सांगतो, कारण हे कोणीच सांगत नाही. बिब घडी घालून कमरेला बांधू नका, सेफ्टी पिन टॅगमधून घुसवू नका, आणि स्वतःला यायला जमले नाही म्हणून बिब मेहुण्याला देऊ नका. एका वर्षी महिलांच्या पंचेचाळीस वर्षांवरील गटात दुसरी आलेली ओळ पाहून आम्ही फिनिशचे चित्रण तपासले, तेव्हा त्या ओळीला भरघोस मिशी निघाली.

2004 साली मुंबई मॅरेथॉन सुरू झाली आणि 2012 साली साताऱ्याची डोंगरावरची हाफ मॅरेथॉन. त्यानंतर आमच्या भागात गावोगावी धावण्याची हवा पसरली. रविवारी पहाटे तीन वाजता चटया अंथरायच्या आणि दुपारी निकाल चढवायचा, असे सात-आठ मोसम गेले. त्या वर्षांबद्दल लिहिण्यासारखे फारसे काही नाही. हप्ते फिटले, मित्र मुलाकडे बंगळूरला राहायला गेला आणि भागीदारी चहाच्या टेबलावर, एका कागदावर, कटुता न येता संपली.

या काळात आम्हांला घडवले ते एका गिऱ्हाइकाने. गणिताचे निवृत्त शिक्षक, सगळे त्यांना सर म्हणत, म्हणून आम्हीही. साठीनंतर धावायला लागले आणि प्रत्येक स्पर्धेतली आपली वेळ एका वहीत स्वतःच्या घड्याळावरून लिहून ठेवत. एका दहा किलोमीटरच्या स्पर्धेनंतर ते वही घेऊन कॅफेत आले आणि म्हणाले, तुमच्या निकालात माझी एक मिनिट अठ्ठेचाळीस सेकंद जास्त आहेत, ती कुठे गेली ते दाखवा. ती सुरुवातीच्या गर्दीत गेली होती. बंदूक वाजल्यापासूनची वेळ आम्ही दाखवत होतो आणि सर बंदुकीनंतर जवळजवळ दोन मिनिटांनी आरंभरेषेवर पोहोचले होते. नियमाप्रमाणे रस्त्यावरच्या शर्यतीत क्रमांक बंदुकीच्या वेळेवरच ठरतो, हे मी त्यांना ऐकवले. त्यावर ते शांतपणे म्हणाले, क्रमांक तुमचा, पण वेळ माझी. त्या दिवसापासून आमच्या प्रत्येक निकालात दोन्ही वेळा असतात, बंदुकीची आणि चटईची, आणि चटईची ठळक अक्षरांत.

नावावरून शोधण्याची सोयही सरांच्या तक्रारीमुळेच झाली. नाव मराठीत एकच असले तरी अर्जात ते इंग्रजीत भरतात, आणि तिथे प्रत्येकाची तऱ्हा निराळी. वाघ कोणी व्हीने लिहितो, कोणी डब्ल्यूने. देशमुखांत कधी एक ए जास्त असतो. कोणी आडनाव आधी टाकतो, कोणी मधले नाव वडिलांचे, तर लग्न झालेल्या मुलीचा गेल्या वर्षीचा निकाल माहेरच्या नावावर आणि यंदाचा सासरच्या. नेमके अक्षर जुळले तरच ओळ दाखवायची, असा शोध आपल्याकडे निरुपयोगी आहे. आम्ही आपल्या नावांच्या उच्चारांची यादी स्वतः बसून केली आणि व्ही-डब्ल्यू, एस-एसएच, दोन ए आणि एक ए हे शोधापुरते सारखे धरले. हे काम आजही सुरू आहे. मोठ्या फर्मांना ते किरकोळ वाटते.

आता त्या मोठ्या फर्मविषयी. नाव लिहीत नाही, ज्यांना कळायचे त्यांना कळेल. महानगरातली ही मंडळी आमच्या एका जुन्या आयोजकाकडे ॲप घेऊन आली. वेळनोंदणीचा दर आमच्या निम्म्याहून कमी, धावतानाच घरच्यांना माणूस नकाशावर दिसणार, आणि शेवटी निकालाचे रंगीत पोस्टर. सहा वर्षे आमच्याकडे असलेली स्पर्धा एका फोनवर गेली. दर पाडला याचे मला वाईट वाटले नाही. धंद्यात ते चालतेच. दुखले ते पुढचे. स्वतःचा निकाल पाहायला धावपटूने आधी ॲप उतरवायचे, मोबाईल क्रमांक द्यायचा, ओटीपी टाकायचा, आणि मग बुटांच्या जाहिराती आयुष्यभर झेलायच्या. आम्ही बैठक क्रमांकाच्या धर्तीवर बिब क्रमांक आणि नाव यापलीकडे काही मागितले नाही आणि जन्मतारीख किंवा फोन कधी पडद्यावर आणला नाही. 2023 साली डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षणाचा कायदा झाला, तेव्हा आम्हांला आमचे पान बदलावे लागले नाही, हे मी अभिमानाने सांगतो. तिसऱ्या वर्षी त्या मंडळींनी ॲप बदलले आणि आधीच्या दोन वर्षांचे निकाल उघडेनासे झाले. सरांचे दोन निकाल त्यात गेले. ते फक्त त्यांच्या वहीत उरले आहेत.

मार्च 2020 मध्ये स्पर्धा थांबल्या. मुंबई मॅरेथॉनसुद्धा जानेवारी 2023 मध्येच परतली, मग आमची काय कथा; त्या काळात पुन्हा झेरॉक्स काढून दिवस काढले. परत आलो तेव्हा हवा बदलली होती. व्यायामशाळांची जिम झाली होती आणि जिमवाल्यांना बंद सभागृहात स्पर्धा घ्यायच्या होत्या. जर्मनीत 2017 साली सुरू झालेल्या हायरॉक्स या स्पर्धेचा नमुना सगळ्यांच्या डोळ्यांपुढे होता: एक किलोमीटर धावणे आणि मग एक कसरत, असे आठ वेळा. स्की मशीन, स्लेड म्हणजे वजन लादलेली घसरगाडी ढकलणे, स्लेड ओढणे, बर्पी मारत पुढे उड्या, रोइंग, दोन्ही हातांत वजने घेऊन चालणे, खांद्यावर वाळूची पिशवी घेऊन लंजेस आणि शेवटी वॉल बॉल. स्पर्धकाला नुसती एकूण वेळ पुरत नाही; आपण स्लेडवर किती गमावले आणि रोइंगवर किती कमावले, हे त्याला तुकड्या-तुकड्याने पाहायचे असते. म्हणजे जिथे माणशी दोन नोंदी लागत होत्या, तिथे तीस-पस्तीस लागणार. तशा धर्तीवरच्या एका स्पर्धेचे काम मी आनंदाने घेतले आणि तिथेच आमची फर्म जवळजवळ संपली.

चूक माझी होती. रस्त्यावरची मांडणी मी जशीच्या तशी पत्र्याच्या छपराखाली नेली. छातीवरचा टॅग मोकळ्यावर काही मीटरवरून वाचला जातो, हा रस्त्यावर गुण असतो. सभागृहात लोखंडी रॅक, वजनाच्या चकत्या आणि पत्रा यांवरून लहरी उसळत होत्या, आणि रोइंग मशीनशेजारी दम खात उभा असलेला माणूस पलीकडच्या स्लेडच्या अँटेनाला दिसत होता. दुपारी बारापर्यंत पडद्यावर एका बाईंचे स्लेड ढकलणे अकरा सेकंदांत आटोपले होते आणि एका तरुणाने आठ किलोमीटरच्या जागी नऊ धावून दाखवले होते. या पडद्याचे फोटो लोकांनी काढले, ते ग्रुपवर गेले, आणि संध्याकाळपर्यंत ते त्या महानगरी मंडळींच्या विक्री प्रतिनिधीने आमच्या तीन आयोजकांना पाठवले होते, हे मला त्या तिघांनीच सांगितले.

पडद्यावर तात्पुरता निकाल असे लिहिलेले असतानाही आयोजकांनी त्यावरूनच बक्षिसे वाटली. मी निकालाचे पान बंद केले आणि तिथे बोर्डाचेच शब्द टाकले: निकाल राखून ठेवला आहे. त्या रात्री फोन थांबत नव्हता. पुढच्या तीन रात्री आम्ही चौघांनी पंचांच्या हातच्या कागदांवरून, अंतिम रेषेच्या चित्रणावरून आणि रीडरच्या कच्च्या नोंदींवरून तीनशेहून अधिक स्पर्धकांची एकेक ओळ पुन्हा लावली. दुसऱ्या रात्री सर पोळीभाजीचा डबा आणि लाल पेन घेऊन आले. ते पंचांचा आकडा मोठ्याने वाचत, मी यंत्राचा वाचे, आणि दोन्हींत पाच सेकंदांपेक्षा जास्त फरक आला की ते ओळीखाली रेघ मारत. पहाटे चार वाजता त्यांनी मारलेल्या एका रेघेखाली महिला गटातला तिसरा क्रमांक होता.

तो चौथा निघाला. इचलकरंजीच्या एका मुलीला मंचावर दिलेली तिसऱ्या क्रमांकाची ट्रॉफी खरे तर वेगळ्याच मुलीची होती. आयोजकांनी फोन उचलला नाही, म्हणून मी स्वतः तिच्या घरी गेलो, तिचा आणि खऱ्या तिसरीचा कागद समोर ठेवला आणि दोघींमधले नऊ सेकंद दाखवले. तिने कागद दोनदा वाचला, आत गेली आणि ट्रॉफी पुसून आणून दिली. तिच्या वडिलांनी चहा विचारला, तो मला घशाखाली उतरवता आला नाही.

चौथ्या दिवशी निकाल लागला. प्रत्येक आकड्यापुढे तो कुठून आला हे लिहिले: चिप, पंच किंवा चित्रण. जिथे तिन्हींत काही सापडले नाही तिथे रिकामी चौकट ठेवली, अंदाज भरला नाही. या धंद्यात येऊ पाहणाऱ्या तरुणांना माझे सांगणे आहे की रिकाम्या चौकटीची लाज बाळगू नका आणि कच्च्या नोंदी कधीही पुसू नका. आगाऊ रक्कम निम्म्याहून कमी घेऊ नका, हेही सांगतो. त्या मोसमात सात कामे ठरली होती, त्यांतली दोन उरली आणि घरचे दागिने सहा महिने बँकेत राहिले.

मे 2025 मध्ये हायरॉक्स मुंबईत, गोरेगावला आली, तेव्हा सर आणि मी तिकीट काढून पाहायला गेलो. सर शर्यतीकडे पाहत होते, मी जमिनीकडे. चिप घोट्याला होती. म्हणजे जमिनीवरच्या अँटेनाला जवळून दिसणारी आणि लांबच्या अँटेनाला न दिसणारी, एवढे साधे उत्तर. निकालात आठ धावा वेगळ्या, आठ कसरती वेगळ्या, आणि त्यांच्या मधल्या जागेत ये-जा करण्यात गेलेला वेळ निराळा मांडलेला, त्याला ते रॉक्सझोन म्हणतात. परतीच्या गाडीत मी तिकिटाच्या पाठीवर आमची नवी मांडणी काढली: घोट्याचा पट्टा, रीडरची ताकद कमी, प्रत्येक कसरतीला येण्याची आणि जाण्याची निराळी चटई, आणि कोणत्याही कसरतीला ठरावीक सेकंदांपेक्षा कमी वेळ लागलेला दिसला की ती ओळ आपोआप राखून ठेवायची.

या मांडणीवर आम्ही आतापर्यंत चार सभागृहातल्या स्पर्धा केल्या. चौथीत इचलकरंजीची ती मुलगी होती. संपल्यावर ती आमच्या टेबलाशी आली, बिब क्रमांक सांगितला आणि एकूण वेळ न पाहता आधी स्लेडचा आकडा विचारला. मागच्या वेळचा तिला पाठ होता, यंदाचा चौदा सेकंदांनी कमी होता. त्या बिघडलेल्या स्पर्धेचे आयोजक आमचे राहिलेले बिल अजून देत आहेत. त्यांचा निकाल आमच्या पानावर आहे, बिब क्रमांक टाकला की उघडतो.