दिल्लीतल्या स्मारकांचं तिकीट स्वतः काढा, आणि त्याआधी वार बघा

कुतुबमिनारच्या फाटकाबाहेर आम्ही सहा जण रविवारी सकाळी सव्वादहा ते साडेअकरा उभे होतो. तीन आठवडे आधी पैसे भरून काढलेलं, सगळ्यांची नावं छापलेलं 'तिकीट' हातात होतं. आमच्या मागून आलेली, आधी काहीही न काढलेली माणसं डोळ्यांदेखत पाच-सात मिनिटांत आत जात होती आणि आम्ही बाहेरच. त्या सव्वा तासाचा राग अजून उतरलेला नाही. आपल्या जळगाव-धुळ्याकडून डिसेंबर-जानेवारीत कितीतरी घरं दिल्ली-आग्रा करतात, त्यांच्यावर तरी ही वेळ येऊ नये.

आम्ही म्हणजे मी, बायको, नाना, आई, धाकटी बहीण आणि माझी बारा वर्षांची मुलगी. नानांचं वय एकाहत्तर. चोपड्याकडे केळीत आयुष्य गेलेलं, त्यामुळे चालायला अजून कोणाला ऐकत नाहीत, पण एका जागी उभं राहिलं की गुडघे धरतात. म्हणूनच मी सगळं आधी बुक करायचं ठरवलं होतं. रांग नको, धावपळ नको.

मोबाइलवर लाल किल्ल्याचं तिकीट शोधलं तर सर्वांत वर एक साइट आली. तिरंगा, किल्ल्याचा फोटो, 'अधिकृत भागीदार' असं मोठ्या अक्षरात. कुतुबमिनार, हुमायूनची कबर आणि लाल किल्ला, तिन्ही मिळून माणशी ८९९ रुपये, रांगेशिवाय प्रवेश. सहा जणांचे ५,३९४ रुपये भरले. मला वाटलं, दिल्ली आहे, असेल एवढं. आता खरा भाव ऐका. कुतुबमिनार आणि हुमायूनची कबर, दोन्हीकडे भारतीय माणसाला रोखीने ४० आणि ऑनलाइन ३५ रुपये तिकीट आहे. पंधरा वर्षांखालच्या मुलांना काहीच नाही. म्हणजे या दोन जागांचे आम्हा पाच मोठ्यांचे मिळून ३५० रुपये झाले असते. लाल किल्ल्याचं तिकीट त्यातली संग्रहालयं धरून घेतलं तर थोडं जास्त पडतं, पण तेही माणशी शेकड्यांच्या घरात जात नाही. आणि माझ्या मुलीचे ८९९ तर निव्वळ लुबाडले, कारण तिला फुकट प्रवेश होता आणि फॉर्ममध्ये मी तिचं वय लिहिलेलं होतं.

रविवारी फाटकावर सुरक्षारक्षकाने आमचा कागद बघितला, मशीनवर धरला, दोनदा धरला. नुसतं लाल. तो शांतपणे म्हणाला, "साहेब, ये टिकट नहीं, वाउचर है." खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं की आमचा प्रतिनिधी प्रवेशद्वारावर तिकीट देईल. दिलेला नंबर लागेना. अकराव्या फोनला उचलला, "दस मिनट." आई पायरीवर बसली आणि मला अहिराणीत म्हणाली, "आते आखो कितला टाइम उभं ऱ्हानं शे रे?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

प्रतिनिधी आला तो एक विशीतला मुलगा, मोटारसायकलवर. त्याने काय केलं ते मी हातभर अंतरावरून बघितलं. तिकीट खिडकीच्या शेजारी पुरातत्त्व खात्याचा मोठा फलक लावलेला आहे, त्यावर क्यूआर कोड. तो त्या फलकासमोर गेला, स्वतःचा मोबाइल काढला, कोड स्कॅन केला, पाच मोठ्यांची तिकिटं घेतली, यूपीआयने १७५ रुपये भरले आणि मला व्हॉट्सअॅपवर पाठवली. दोन मिनिटंसुद्धा लागली नाहीत. त्याच्या स्क्रीनवरचा १७५ चा आकडा मी स्वतः वाचला. ज्या फलकाला टेकून आम्ही सव्वा तास उभे होतो, तोच फलक. मी त्याला विचारलं, मुलीचे पैसे का घेतले? तो म्हणाला, ऑफिसला विचारा. त्या पोराशी मी भांडलो नाही, तोही दिवसभर असाच फिरत असणार.

आत गेल्यावर मुलीने पहिला प्रश्न केला, वर कधी चढायचं? कारण त्या साइटवर 'मिनारासह पूर्ण प्रवेश' लिहिलं होतं. मिनार साडेबहात्तर मीटर उंच आहे, आत ३७९ पायऱ्या आहेत, पण १९८१ साली आत चेंगराचेंगरी होऊन माणसं गेली तेव्हापासून जिना लोकांसाठी बंद आहे. कोणीही वर सोडत नाही. मुलांना हे घरूनच सांगून न्या. लोहस्तंभालाही कठडा आहे, लांबूनच बघायचा. तरीही कुतुबचा परिसर बघण्यासारखा आहेच, त्यात शंका नाही. तासाभरात होतो. मेट्रोचं स्टेशन कुतुबमिनार नावाचं आहे म्हणून ते फाटकाला लागून असेल असं समजू नका, तिथून पुढे रिक्षाच करावी लागते. घरात वयस्कर कोणी असेल तर चालत जायच्या भानगडीत पडू नका.

हुमायूनच्या कबरीचं तिकीट त्याच मुलाने लगेच पाठवलं म्हणून तिथे काही झालं नाही. सुंदर जागा, दुपार छान गेली. १८५७ साली बहादूरशहा जफरला इंग्रजांनी इथेच पकडलं, एवढं मुलीला सांगून ठेवलं.

खरा तडाखा सोमवारी बसला. आमच्या वाउचरवर लाल किल्ल्याची तारीख सोमवारची होती. लाल किल्ला सोमवारी बंद असतो. दर सोमवारी. कायम. ही गोष्ट पुरातत्त्व खात्याच्या पानावर तर आहेच, पण साध्या नकाशातही दिसते. आम्ही सकाळी नऊला लाल किला स्टेशनवर उतरलो, लाहोरी दरवाज्यासमोर पोहोचलो तर बॅरिकेड, आणि बाहेर आमच्यासारखीच पंधरा-वीस माणसं. एक नागपूरचं कुटुंब, एक केरळचं. नागपूरवाल्यांच्या हातात आमच्यासारखाच कागद होता. पैसे घेणाऱ्याला बंदचा वार माहीत नव्हता असं मी मानायला तयार नाही. सरकारी बुकिंगमध्ये बंद दिवसाची तारीख निवडताच येत नाही. माझ्या मते हीच सगळ्यात सोपी खूण आहे: कुठल्याही साइटवर लाल किल्ल्यासाठी सोमवार निवडून बघा. तिने सोमवार घेतला तर ती साइट तिकीट विकतच नाहीये, ती तुमच्याकडून नुसते पैसे गोळा करतेय.

सोमवारी दिल्लीत काय करायचं हेही सांगतो, कारण आम्हाला ते रस्त्यावर उभं राहून शोधावं लागलं. राष्ट्रीय संग्रहालय सोमवारी बंद, अक्षरधाम बंद, लोटस टेम्पल बंद. कुतुब आणि हुमायून मात्र सातही दिवस उघडे असतात. म्हणून ते दोन्ही सोमवारसाठीच राखून ठेवा, शनिवार-रविवार तिथे जाऊ नका, गर्दी वेगळीच असते. आग्र्याला जाणार असाल तर शुक्रवार टाळा, ताज शुक्रवारी बंद असतो आणि निजामुद्दीनहून सुटणारी गतिमान एक्स्प्रेसही त्या दिवशी धावत नाही. ताजमध्ये वरच्या मुख्य कबरीपर्यंत जायचं तर २०० रुपये जादा असतात. ते सरकारीच आहेत, ती फसवणूक नाही. वाद घालू नका.

शनिवारी राष्ट्रपती भवन बघितलं. ते मी त्यांच्या स्वतःच्या साइटवरून बुक केलं होतं, माणशी ५० रुपये, तारीख आणि वेळ ठरलेली. मूळ आधार कार्ड दाखवलं, सोडलं, सगळं वेळेवर झालं. त्यातून एवढंच सांगायचं आहे की आधी बुक करणं चूक नाही, कोणाकडून बुक करतो ते महत्त्वाचं. तिथे मुख्य इमारतीची वेळ ऐनवेळी मिळत नाही, म्हणून तिथलं बुकिंग घरूनच करून निघा. आधारची झेरॉक्स नका नेऊ, मूळ कार्ड न्या. फेब्रुवारी-मार्चमध्ये जाणार असाल तर अमृत उद्यान उघडतं, त्याला पैसे लागत नाहीत. त्याचेही कोणी मागितले तर समजून जा.

लाल किल्ला, कुतुब, हुमायून, पुराना किल्ला, यांच्यासाठी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या साइटवर जा आणि तिथल्या लिंकवरूनच तिकिटाच्या पानावर पोहोचा. गूगलवर 'प्रायोजित' लिहिलेलं जे वर येतं त्याला हातही लावू नका. पानावर स्मारक, तारीख, नाव आणि ओळखपत्र मागतात, शेवटी क्यूआर कोड येतो. त्याचा स्क्रीनशॉट काढून घरातल्या दोघांच्या तरी मोबाइलवर ठेवा, फाटकाजवळ नेट कधी लागतं कधी नाही. भाव माणशी शेकड्यांच्या घरात असेल, तिकिटापुढे 'सुविधा', 'मार्गदर्शन', 'प्राधान्य' असले शब्द जोडलेले असतील, तर तिथेच थांबा. आणि हे सगळं जमलं नाही तरी घाबरू नका. फाटकावर जाऊन तो फलक स्कॅन करा. रविवारी भर गर्दीतसुद्धा लोक दहा मिनिटांत आत गेलेले मी बघितलेत. 'रांगेशिवाय प्रवेश' म्हणून जे विकतात ते खोटं आहे, कारण लांब रांग लागते ती सुरक्षा तपासणीची, आणि ती कोणालाच चुकत नाही.

मंगळवारी दुपारी आमची परतीची गोवा एक्स्प्रेस होती. लाल किल्ला सोडून निघायची नानांची तयारी नव्हती. आठ वर्षांचे असताना कीर्तनात ऐकलेली पानिपताची गोष्ट त्यांच्या डोक्यात होती. सोमवारी रात्री हॉटेलवर बसून मी सरकारी पानावरून स्वतः तिकिटं काढली. मंगळवारी सकाळी फाटक उघडायच्या आधी तिथे उभे राहिलो, कोड मशीनला लावला, हिरवं, आत. लाहोरी दरवाजा, छत्ता बाजार, दिवाण-ए-आम, आणि नाना कुठेही न थांबता थेट दिवाण-ए-खासपर्यंत चालत गेले. तिथे उभं राहून त्यांनी नातीला छत दाखवलं. "हे चांदीचं होतं. भाऊसाहेबांनी १७६० मध्ये दिल्ली घेतली, फौजेला द्यायला पैसा नव्हता, तेव्हा हे काढून रुपये पाडले." महादजी शिंद्यांपासून १८०३ पर्यंत दिल्लीवर शिंद्यांचा अंमल होता हेही त्यांनीच सांगितलं. आतल्या फलकांवर याबद्दल फार काही मिळत नाही, घरून वाचून जा. दोन तास पुरत नाहीत, निदान तीन हवेत. आम्हाला दीडच मिळाला, आझाद हिंद फौजेच्या खटल्याचा भाग धावत बघावा लागला, आणि तो सोमवार वाया गेला नसता तर हे झालं नसतं.

गाडीचं म्हणाल तर भुसावळहून सोयीची आहे. दुपारी बसायचं, दुसऱ्या सकाळी निजामुद्दीन. पण रेल्वेचं आगाऊ आरक्षण नोव्हेंबर २०२४ पासून ६० दिवसांवर आलं आहे, पूर्वीसारखं चार महिने आधी मिळत नाही. साठाव्या दिवशी सकाळीच बसा. आधी गाडी पक्की करा, मग त्या तारखांना वार लावा, आणि मगच स्मारकांची तिकिटं काढा. आम्ही उलटं केलं होतं. खायचं सामान स्मारकांच्या आत सोडत नाहीत, आईची कळण्याची भाकर आणि शेंगदाण्याची चटणी गेटवरच अडवली, शेवटी ती बाहेर बसून खाल्ली. पिशवी छोटी ठेवा.

पैसे परत मागितले तर त्या साइटचं उत्तर आलं, 'सेवा देण्यात आली आहे.' लाल किल्ल्याबद्दल एक अक्षर नाही. मी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला, १९१५ वर, तक्रार नोंदवली आहे. त्यासाठी वाउचर, पैसे भरल्याचा संदेश, फोन लावल्याच्या वेळा आणि बंद फाटकासमोर काढलेला फोटो जोडला. तुमच्याबाबतीत असं झालं तर फाटकावरून हलायच्या आधी हा फोटो काढा, तारीख-वेळ दिसेल असा. पैसे भरल्यावर साइटच गायब झाली किंवा फोनच बंद पडला, तर तो सरळ सायबर गुन्हा आहे, १९३० ला लगेच फोन करा, त्यात एक तासही घालवू नका.