घरचा रूट, क्लाउडमधला सीए: सही होऊन आलेलं सर्टिफिकेट आत गेलं

सबऑर्डिनेट सीए (सीए म्हणजे सर्टिफिकेटवर सही करून ओळखीची खात्री देणारी यंत्रणा; सबऑर्डिनेट म्हणजे सर्वात वरच्या सीएच्या, रूटच्या, हाताखालचा) एकदाचा ‘पेंडिंग सर्टिफिकेट’वरून ‘ॲक्टिव्ह’ झाला. ॲमेझॉनच्या क्लाउडमधली एडब्ल्यूएस प्रायव्हेट सीए ही सेवा, मुंबई रीजन, शॉर्ट-लिव्ह्ड मोड (फक्त अल्पमुदतीची सर्टिफिकेटं). रूट मात्र गोरेगावात आमच्या घरीच आहे, वायफाय कार्ड उपटून टाकलेल्या जुन्या लॅपटॉपवर.

‘एवढं कशाला, रास्पबेरी पायवर स्टेप-सीए टाक की’ (म्हणजे तळहाताएवढ्या संगणकावर फुकटचं सीए सॉफ्टवेअर) असं कुणीही म्हणेल आणि त्याचं बरोबरच आहे. होम डॉट आर्पा हे घरगुती नेटवर्कसाठी राखलेलं नाव, त्याला लेट्स एन्क्रिप्ट हा मोफत सार्वजनिक सीए सर्टिफिकेट देऊच शकत नाही, म्हणून खाजगी सीए लागतो इथपर्यंत ठीक. पण घरच्या एनएएस (नेटवर्कवरची साठवणपेटी) आणि कॅमेऱ्यांसाठी सध्याच्या दराने महिन्याला ५० डॉलर कोण मोजणार? जनरल-पर्पज मोडचे तर ४००, म्हणजे तीस हजार रुपयांच्या वर. खात्यातल्या पहिल्या सीएला ३० दिवस मासिक आकार नसतो, तेवढ्यात हौस भागवून घेतोय. हे दिवस सीए तयार केल्यापासून मोजले जातात, सर्टिफिकेट इम्पोर्ट केल्यापासून नाही. त्यामुळे रूट पूर्ण तयार करून, तपासून, मगच कन्सोल उघडला.

सीए बनवला की त्याची खाजगी की (सही करायची गुप्त किल्ली) क्लाउडमधल्या एचएसएममध्येच, म्हणजे किल्ल्या जपणाऱ्या खास हार्डवेअरमध्येच, जन्मते आणि तिथून बाहेर येत नाही. आपल्या हाती पडतो तो फक्त सीएसआर, म्हणजे सहीसाठीचा अर्ज. त्यात गुप्त काही नसतं, पण तो ऑफलाइन लॅपटॉपवर न्यायचा कसा हा प्रश्न उरतोच. पेनड्राइव्हवर माझा भरवसा नाही. लॅमिंग्टन रोडवरून यूएसबी डीव्हीडी रायटर आणलाय आणि एकदाच लिहिता येणाऱ्या सीडी. एक सीडी सीएसआर घेऊन आत जाते, दुसरी सर्टिफिकेट घेऊन बाहेर येते, दोन्हींवर मार्करने तारीख. जुनाट वाटेल, पण कुठल्या दिशेने काय गेलं याचा हिशेब आपोआप राहतो.

आत गेल्यावर पहिलं काम सीएसआर वाचणं. नाव आपण दिलं तेच आहे ना, सही पडताळते ना, की ठरवलेल्या पी-२५६ प्रकारचीच आहे ना. मग सार्वजनिक कीचा शा-२५६ (बोटाच्या ठशासारखी ओळख पटवणारी लांबलचक अक्षरं-आकड्यांची ओळ) काढला आणि धाकट्या बहिणीला समोर बसवून इकडच्या स्क्रीनवरून मोठ्याने वाचला. ती ऑनलाइन लॅपटॉपवरच्या आकड्यांवर टिक करत होती. ‘अरे दादा, बी म्हणालास की डी?’ हे इतक्यांदा झालं की शेवटी ‘बदक’ आणि ‘डमरू’वर उतरलो. जुळलं.

या सगळ्यात सर्वात नाजूक प्रकरण घड्याळाचं. नेटला न जोडलेल्या मशीनला वेळ सांगणारं कुणी नसतं, फोन बघून हाताने लावावी लागते. सर्टिफिकेटमधली वेळ नेहमी यूटीसीत (जागतिक प्रमाणवेळेत, आपल्यापेक्षा साडेपाच तास मागे) लिहिली जाते. आणि मशीनचा टाइमझोन यूटीसी असताना मनगटावरची वेळ जशीच्या तशी टाकली, तर ‘नॉट बिफोर’ (सर्टिफिकेट लागू होण्याची वेळ) साडेपाच तास पुढचं पडतं. म्हणजे सकाळी नऊला सही केलेलं सर्टिफिकेट दुपारी अडीचपर्यंत कुठलंही उपकरण मानणार नाही, आणि अडीचनंतर सगळं आपोआप चालू होईल. असला दोष शोधायचा म्हणजे डोक्याला ताप. म्हणून दोन गोष्टी ठरवून केल्या: सहीच्या आधी ‘डेट’ कमांड यूटीसीत चालवून आकडा कागदावर लिहिला, आणि ओपनएसएसएल या सर्टिफिकेट बनवायच्या साधनाच्या ‘सीए’ कमांडला सुरुवातीची तारीख आदल्या दिवसाची दिली. (रूटची सुरुवात त्याच्याही आधीची हवी, हे ओघाने आलंच.)

सहीच्या वेळी सीए:ट्रू (हा सीए आहे), पाथलेन शून्य (याच्याखाली आणखी सीए नको), बेसिक कन्स्ट्रेंट्स क्रिटिकल (या अटी मानल्याच पाहिजेत), की-युसेजमध्ये सर्टिफिकेट साइन आणि सीआरएल साइन (सर्टिफिकेटांवर आणि रद्द झालेल्यांच्या यादीवर सही करायची परवानगी). हे सगळं आपल्या कॉन्फिगमधून द्यायचं. ओपनएसएसएल सीएसआरमधली एक्स्टेन्शन्स (असल्या जोड-अटी) स्वतःहून उचलत नाही. कॉन्फिग न देता नुसती सही ठोकली तर दिसायला छान, पण सीए नसलेलं सर्टिफिकेट हाती येतं. मुदत एक वर्ष ठेवली. रूटच्या मुदतीच्या आत बसणं महत्त्वाचं. आणि ‘नोटेक्स्ट’ द्याच, नाहीतर ‘सीए’ कमांड पेम मजकुराच्या (म्हणजे सांकेतिक अक्षरांतल्या खऱ्या सर्टिफिकेटच्या) डोक्यावर सर्टिफिकेटचा अख्खा वृत्तांत छापून ठेवते.

खुद्द इम्पोर्ट चहा गाळेपर्यंत उरकतो. दोन फाइली लागतात: एक सही झालेलं सर्टिफिकेट, दुसरी चेन, म्हणजे वरच्या सीएंच्या सर्टिफिकेटांची साखळी. चेनमध्ये आपलं स्वतःचं सर्टिफिकेट घालायचं नाही. सही करणाऱ्यापासून सुरुवात आणि शेवटी रूट. माझ्याकडे सही रूटनेच केली, म्हणून चेनमध्ये रूट एकटाच. गूगलच्या सीए सर्व्हिसचं उलटं आहे, तिथे एकाच फाइलीत आधी आपलं, मग वरचे सगळे रूटपर्यंत. दोन्हीकडे खेळणाऱ्यांनी हा फरक भिंतीवर चिकटवून ठेवावा. एडब्ल्यूएसच्या कमांड लाइनची दुसरी आवृत्ती वापरत असाल तर फाइलीचा पत्ता ‘फाइल’ने नाही, ‘फाइलबी’ने सुरू करा. साध्या ‘फाइल’ने ती आतल्या मजकुराला बेस६४ समजून उलगडायला जाते आणि हात वर करते.

त्रुटींच्या यादीत दोन नावं ओळखीची करून ठेवण्यासारखी आहेत. ‘मालफॉर्म्ड सर्टिफिकेट’ आलं तर फाइलीकडे बघा. ‘सर्टिफिकेट मिसमॅच’ आलं तर वरच्याने खालच्यावर घातलेल्या अटींकडे; रूटचा पाथलेन शून्य असेल तर त्याच्याखाली दुसरा सीए बसूच शकत नाही.

शॉर्ट-लिव्ह्ड मोडमध्ये सर्टिफिकेट जास्तीत जास्त सात दिवसांचं निघतं आणि एसीएम या एडब्ल्यूएसच्या सर्टिफिकेट सांभाळणाऱ्या सेवेतून ते मागता येत नाही, थेट सीएच्या एपीआयकडेच मागावं लागतं. एनएएसवर रोज रात्री नूतनीकरणाची स्क्रिप्ट लावली आहे. सात दिवसांत मरणाऱ्या सर्टिफिकेटसाठी रद्दयादीच्या भानगडीत मी पडलेलो नाही.

रूट बाहेर ठेवण्याचा खरा फायदा मला फोनवर दिसला. घरातल्या आयफोनवर रूटचं प्रोफाइल टाकून ‘सर्टिफिकेट ट्रस्ट सेटिंग्ज’मध्ये जाऊन बटण चालू केलं की झालं; नुसतं प्रोफाइल टाकून भागत नाही. अँड्रॉइडवर क्रोम मानतं, पण अँड्रॉइड ७ पासून बाकीची बहुतेक ॲप्स आपण टाकलेल्या रूटकडे मुळात बघतच नाहीत, त्यामुळे कॅमेऱ्याचं ॲप अजून रुसलेलं आहे. हा सगळा उपद्व्याप रूटसाठी एकदाच. रूटही क्लाउडमध्येच बनवला असता तर तिथला हिशेब बंद करताना तोही गेला असता आणि घरभर फोन पुन्हा गोळा करावे लागले असते. आता क्लाउडचा सीए गेला तरी त्याच रूटखाली पायवरचा स्टेप-सीए बसवता येईल, फोनला हात न लावता.

ते पुढच्या नोंदीत. त्याआधी मोफत दिवस संपायच्या आत हा सीए डिसेबल करून डिलीट करायचा आहे. ॲक्टिव्ह असताना थेट डिलीट होत नाही. डिलीट करताना परत आणण्याची मुदत ७ ते ३० दिवसांत निवडता येते, मी सातच ठेवणार. मधल्या काळात मन बदलून तो परत आणला तर डिलीट अवस्थेतल्या दिवसांचेही पैसे लागतात.