आई-मुलीचा वाद: एका वेळी एकच मुद्दा

कपडे, रात्री उशिरा येणं, लग्न हे तिन्ही विषय एकाच बैठकीत काढले की बोलणं हमखास फिसकटतं. मुद्दा एकच घ्या, 20 मिनिटं बोला, आणि तिसरं माणूस नको. नातेवाईक ऐकत असले की आईला माघार घेता येत नाही. 'लोक काय म्हणतील' या उत्तरावर मुलीने थांबू नये. कोणते लोक, ते काय करतील, हे शांतपणे विचारत गेलं की पुष्कळदा तळाशी सुरक्षिततेची काळजी निघते. त्या काळजीवर तोडगा निघतो: पोहोचल्यावर फोन, सोबत कोण आहे ते आधी सांगणं. लग्नाचा निर्णय मात्र या देवाणघेवाणीत आणूच नये, तो मुलीचाच. आईने अबोला धरला, तरी 'जेवलीस का?' एवढं मुलीने रोज विचारत राहावं.