इंदूरचा 'जादूचा आरसा': जरूर बघा, फक्त रिक्षाने जाऊ नका

आधी निकाल सांगते. आरसा बघण्यासारखा आहे, तिथवरचा रस्ता नाही. आणि रिक्षावाल्याला दीडशे देणं तर मुळीच नाही.

सुट्टीत आम्ही रामबागेत मावशीकडे उतरलो होतो. भाची सध्या दुसऱ्या दुनियेत नेणाऱ्या आरशांच्या गोष्टींत बुडालेली आहे. तिला फोनवर एक व्हिडिओ सापडला. 'एका माणसाची हजार रूपं दाखवणारा जादूचा आरसा', मागे भुताटकीचं संगीत. हे ठिकाण म्हणजे इतवारिया बाजारातलं काच मंदिर. ते जैन मंदिर आहे, तिथे रोज पूजा होते, हे मात्र त्या व्हिडिओवाल्याने कुठेच सांगितलं नव्हतं. त्यामुळे हाफ पँट, चामड्याचा पट्टा, चामड्याची पर्स असली मंडळी दारातच अडकलेली दिसतात. चामड्याचं सगळं घरी ठेवून जा. आम्हाला आत फोनही काढू दिला नाही, तेव्हा फोटोच्या आशेवर जाऊ नका.

मावशी म्हणाली होती, "अगं, राजवाड्यापासून दहा मिनिटं नाहीत, चालत जा." पण मे महिन्यातलं ऊन, त्यात आमचे हे बसस्टँडपासूनच वैतागलेले. राजवाड्यासमोर एक जण भेटला, "दीदी, बिलकुल गेट पे छोडूंगा." दीडशे. शंभरावर ठरवून बसलो आणि सराफा बाजाराच्या तोंडाशी गाडी अडली ती अडलीच. पुढे हातगाड्या, मागे स्कूटर, दोन्हीकडे दुकानांच्या पायऱ्यांवर उतरवलेला माल. आम्ही बसल्या जागी घामाने निथळत असताना पायी जाणाऱ्या बायका पिशव्या सांभाळत पुढे निघून गेल्या. शेवटी "यहीं से पास है" म्हणून त्याने उतरवलं आणि पुन्हा दीडशेच मागितले, 'वेटिंग' धरून! राजवाडा ते काच मंदिर हा रस्ता वाहनाचा नाहीच. सराफ्यातून सरळ चालत जा, कुणालाही 'काच मंदिर' विचारा. रस्ता दाखवायला म्हणून मागे लागणाऱ्या पोरांची गरज नाही, तो आणखी एक खर्च.

शिखर सोडलं तर मंदिर बाहेरून एखाद्या जुन्या हवेलीसारखं दिसतं, काचेचा मागमूसही नाही. भाचीचा चेहरा तिथेच पडला. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सर सेठ हुकुमचंद यांनी हे बांधवलं. हे गिरण्यांचे मालक, कापसाच्या व्यापारातले बडे नाव (१८७४–१९५९). आत शिरलात की भिंती, खांब, छत, सगळीकडे काचेचे तुकडे. प्रत्येक तुकडा किंचित वेगळ्या कोनात बसवलेला, त्यामुळे आपला अख्खा चेहरा कुठेच सापडत नाही. कुठे कान, कुठे अर्धा डोळा. 'हजार रूपं' शोधणाऱ्यांनी इथेच वेळ घालवू नये.

खरी गंमत गाभाऱ्यात आहे. तीर्थंकरांच्या तीन मूर्ती, शांतिनाथ मध्ये, दोन्ही बाजूंना आदिनाथ आणि चंद्रप्रभ, आणि आजूबाजूला समोरासमोर लावलेले आरसे. एका आरशातली प्रतिमा दुसऱ्यात, दुसऱ्यातली पुन्हा पहिल्यात, अशी मूर्तींची रांग आत आत जात राहते. पण ती अनंत दिसत नाही. दर वेळी आरसा थोडा प्रकाश गिळतो, म्हणून रांग मंद होत जाते. साध्या काचेत लोहाचा अंश असतो, त्यामुळे लांबच्या प्रतिमांवर हिरवट छटा चढते. आणि दोन आरसे केसभर जरी समांतर नसले तरी रांग एका बाजूला वळून नजरेआड होते. भाचीला ही वळणारी रांग जादूपेक्षा जास्त आवडली, मूर्ती कुठल्या गल्लीत शिरतायत म्हणून मान वाकडी करकरून बघत होती. तुम्हीही मधोमध उभे राहू नका, एका बाजूला सरका, डोळ्यांना दोन मिनिटं द्या. आमच्यामागे आलेला घोळका एक नजर टाकून "बस, इतकंच?" म्हणत निघून गेला. त्यांना इतकंच दिसणार.

भिंतींवर जैन कथांतली चित्रं आहेत, त्यात पाप्यांना नरकात मिळणाऱ्या शिक्षाही. लहान मुलं बरोबर असतील तर तिथे फार रेंगाळू नका. आमच्या भाचीने मात्र प्रत्येक शिक्षा कशाबद्दल ते विचारून घेतलं आणि रिक्षावाल्यासाठी एक निवडून ठेवली.

पायात सुती मोजे असू द्या, उन्हाळ्यात बाहेरची फरशी चटके देते. सकाळीच जा. सात मजली राजवाडा (खाली दगड, वर लाकूड, १९८४च्या आगीनंतर पुन्हा उभा केलेला) येताना बघा, जाताना नाही. नाहीतर तिथेच दमाल आणि रिक्षात बसाल.

रात्री तोच सराफा खाऊगल्ली होतो, तिथे खायला पुन्हा गेलो, या वेळी चालत. भुट्ट्याचं कीस खा. गराडू (तळलेला कंद) थंडीत मिळतो, मे महिन्यात मागून हसं करून घेऊ नका.