डोळा आणि नजर

दृष्टिहीन प्रेक्षकांसाठी चित्रपटांचे श्राव्यवर्णन लिहिणे हे माझे काम आहे. दोन संवादांच्या मधल्या मोकळ्या जागेत पडद्यावर काय दिसते ते सांगायचे असते, आणि ती जागा कित्येकदा दोन-तीन सेकंदांचीच असते. गेल्या पावसाळ्यात सरावासाठी मी १९५९ सालच्या ‘अनाडी’तील काही प्रसंगांचे मराठी वर्णन लिहीत होतो. त्यात ललिता पवार यांची मिसेस डिसा आहे, राज कपूरला खोली भाड्याने देणारी, तोंडाने फटकळ आणि पोटात माया असलेली घरमालकीण.

ती पहिल्यांदा दिसते तिथे मी लिहिले होते, “डावा डोळा बारीक असलेली प्रौढ बाई.” माहिती खरी होती आणि वाक्य जागेत चपखल बसत होते, त्यामुळे मी निश्चिंत होतो.

आमचे प्रत्येक वर्णन एक दृष्टिहीन तपासनीस ऐकतात आणि त्यांच्या संमतीशिवाय ते पुढे जात नाही. या वेळी तपासायला जन्मापासून अंध असलेल्या एक ताई होत्या. त्यांनी ते वाक्य दोनदा ऐकले आणि म्हणाल्या, “अहो, डोळा बारीक आहे हे कळलं. पण त्या डोळ्याने बाई करते काय, ते कुठे सांगितलंत? रामायण लागायचं तेव्हापासून मी हिची मंथरा आवाजावरून ओळखते. तो आवाज आणि हा आवाज एकाच बाईचा आहे, यावर माझा विश्वास बसत नाही. मला फरक सांगा.”

मला उत्तर देता आले नाही. त्या दुपारी मी आवाज बंद करून दोन्ही भूमिकांमधले तुकडे आलटून पालटून पाहिले.

त्या डोळ्यामागची हकिगत मला ठाऊक होती. येवल्यात १९१६ साली जन्मलेल्या या मुलीने मूकपटांच्या काळातच कामाला सुरुवात केली आणि पुढे नायिकेच्या भूमिका केल्या. १९४२ साली एका चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली. डाव्या डोळ्याची नस दुखावली, चेहऱ्याची ती बाजू लुळी पडली आणि सुमारे तीन वर्षे उपचारांत गेली. नायिकेची कामे संपली ती तेव्हाच. नंतर वाट्याला आल्या सासवा, कजाग बायका, थोरल्या जावा. अशा दुय्यम म्हटल्या जाणाऱ्या भूमिका त्यांनी चार-पाच दशके केल्या आणि मिसेस डिसासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. ही हकिगत मनात इतकी पक्की बसली होती की मी त्यांच्या चेहऱ्यावर अपघातच पाहत होतो, अभिनय पाहत नव्हतो.

आवाज बंद केल्यावर तो दिसला. मंथरा कैकेयीच्या कानाशी लागते तेव्हा तो बारीक डोळा हिशेब करीत असतो, समोरचीच्या चेहऱ्यावर आपला शब्द कितपत रुजला ते जोखत असतो. मिसेस डिसा रागे भरते तेव्हा कपाळावर आठ्या असतात, ओठ घट्ट मिटलेले असतात, आणि तरीही त्याच डोळ्याच्या कडेला हसू आधी पोहोचलेले असते, जणू तो डोळा तिचे बिंग फोडतो आहे. व्यंग झाकण्याची धडपड मला कोणत्याच तुकड्यात आढळली नाही. ज्या खुणेने त्यांची नायिकेची कारकीर्द संपवली, तिच्याकडूनच त्यांनी दोन टोकांची कामे करून घेतली होती. इतक्या वर्षांच्या कामाला ‘खाष्ट सासू’ एवढ्या एकाच शब्दात गुंडाळण्याची आपली सवय मला त्या दिवशी फार अन्यायाची वाटली.

मी पहिले वाक्य काढून टाकले. रागे भरण्याच्या प्रसंगानंतर जेमतेम दोन सेकंदांची जागा होती. तिथे लिहिले, “रागावलेली नजर हळूहळू निवळते.”

ताईंनी ऐकले, पुन्हा लावायला सांगितले आणि वाक्याला संमती दिली. ‘हळूहळू’ मात्र काढायला लावले, कारण त्याने पुढच्या संवादाचा पहिला शब्द झाकला जात होता.