नऊखाडीची नोंदवही : तोंडं ठरली, पोटं मोकळी

मंडळी, नऊखाडीच्या काळयंत्रांचे सुटे भाग एकदाचे मार्गी लागले. नव्यांसाठी थोडक्यात : नऊखाडी हा माझा काल्पनिक किनारा. तिथे भरतीबरोबर खाडीत पाणी चढतं, तसा काळही चढतो. लोक तो बांध घालून अडवतात आणि हवा तिथे सोडतात. फुकटात मात्र काही नाही. बोंबील लवकर सुकावेत म्हणून खळ्यावर घटका सोडली, तर ती कुणाच्या तरी भातखाचरातून वजा होते.

घोडं अडलं होतं ते मापावर. सगळ्या खाड्यांचे भाग एकसारखे केले तर जग बेचव होतं, आणि प्रत्येकीचे वेगळे ठेवले तर यंत्र जोडायचं कसं? तोडगा वाडीतल्या पाइपलाइनने दिला. पीव्हीसी पाइपाचं माप बाहेरून धरतात. ६३ मिमी म्हणजे बाहेरचा व्यास ६३. जास्त दाबाचा पाइप घेतला की भिंत आतल्या बाजूला जाड होते, बाहेरून फरक नाही. म्हणून एकच एल्बो दोन्हींवर बसतो. नऊखाडीतही आता तेच. भागाचं तोंड ठरलेलं, पोटात काय भरायचं ते ज्याचं त्याने बघावं. उत्तरेकडचे तांब्याची गुंडाळी घालतात, दक्षिणेकडचे शिंपल्यांचा चुरा. दोघांचे भाग एकमेकांत बसतात आणि दोघं एकमेकांना नावं ठेवतात.

भाग चारच : साठा, उघाडी, फाटा, गळका. साठे एक, पाच, पंधरा आणि साठ पळांचे. साठ पळांची घटका, म्हणजे आपली २४ मिनिटं. दशमान पद्धत सुचवणाऱ्यांना नम्र नकार. साठाचे जितके सरळ भाग पडतात तितके शंभराचे पडत नाहीत.

सगळ्यात जास्त वेळ उघाडीने खाल्ला. आमच्याकडे खारबंधाऱ्याला, म्हणजे समुद्राचं पाणी शेतात शिरू नये म्हणून घातलेल्या बांधाला, असते तीच ही. ओहोटीला शेतातल्या पाण्याच्या रेट्याने झडप बाहेर उघडते, भरतीला समुद्राच्या दाबाने मिटते, माणूस लागत नाही. मला उलटं हवं होतं, भरतीचा काळ आत घ्यायचा आणि ओहोटीला कोंडायचा. म्हणून झडप आतल्या अंगाला टांगली. नमुना ६३च्या सॉकेटमध्ये केलाय : सायकलच्या ट्यूबची चकती, वरच्या कडेला तारेची बिजागरी, आणि बसायची कड खालून थोडी आत कललेली, म्हणजे चकती आपल्या वजनाने मिटते. फुंकर मारली की उघडते, ओढली की चिकटते.

कामगारांना वेळापत्रक लागत नाही. आपल्याकडची जुनी माणसं तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ काढतात, अष्टमीला सहा, तसंच तेही काढतात. उधाणाला, म्हणजे अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीला, साठे तुडुंब, भांगाला, म्हणजे अष्टमीच्या सुमाराच्या लहान भरतीला, रिकामे, आणि मग काळाचा भाव चढतो. व्यापाऱ्यांची कथानकं इथूनच निघणार.

गटातल्या एकाने विचारलं, तोंडं थोडी वेगळी असली तर काय बिघडतं? बरंच. इंग्लंडच्या व्हिटवर्थ या अभियंत्याने १८४१ मध्ये स्क्रूसाठी ५५ अंशांचे आटे सुचवले, पुढे अमेरिकेने ६० अंशांचे घेतले. दुसऱ्या महायुद्धात दोस्तांच्याच यंत्रांचे नटबोल्ट एकमेकांना लागेनात. समान आट्यांचा करार व्हायला १९४८ उजाडलं. अजिबात न बसणारा भाग माणूस बाजूला ठेवतो. जवळजवळ बसणारा ठोकून बसवतो. नऊखाडीत अशा सांध्यातून अर्धं पळ झिरपतं, आणि सांध्याजवळ झोपलेला माणूस सकाळी दाढी वाढलेला उठतो.

आता खरी गोम. मूळ माप ठेवायचं कुठे? अलिबागच्या चुंबकीय वेधशाळेचं उदाहरण समोर होतं. मुंबईत विजेच्या ट्राम येणार, त्यांनी मोजमाप बिघडणार, म्हणून १९०४ मध्ये काम इकडे आणलं आणि इमारतही अचुंबकीय दगडाची बांधली. तसं नऊखाडीचं मूळ घटिकापात्र एका खडकावर आहे, जिथे ना साठा, ना उघाडी. बुडाला भोक असलेली वाटी पाण्यावर ठेवायची, बुडाली की घटका झाली. तिच्या प्रती होडीने खाडोखाडी जातात. भोकाचा व्यास ही लांबी आहे, त्यामुळे प्रत वाटेत बिघडत नाही.

पण पोचल्यावर पडताळायची कशी? जिथे काळ दाटलेला, तिथे वाटीही दाटलेल्या काळातच बुडते आणि बघणाराही त्यातलाच. त्याला ती बरोब्बर एक घटकाच वाटणार. चूक आतून दिसतच नाही. म्हणून गडागडांवर दिवे घेतोय : खडकावरची वाटी बुडाली की दिवा, पलीकडची बुडाली की दिवा, आणि दोन दिव्यांमधलं अंतर पळांत मोजायचं. सध्या नकाशावर कुठून कुठला गड दिसतो त्या रेषा आखतोय. सातव्या खाडीच्या मध्ये डोंगर येतो. तिथे तिसरा दिवा द्यावा की ती खाडी बिनपडताळणीचीच सोडावी? माझा कल दुसऱ्याकडे आहे, तस्करांना एक खाडी लागेलच. तुमचं मत कळवा.